आधाराशिवाय

पडून मांडीचं हाड मोडलं तेव्हा हेमराजने आईला, सुनंदाबाईंना, साक्रीहून धुळ्याला आपल्या घरी आणलं. ऑपरेशननंतर रोज संध्याकाळी तो त्यांच्या पायाशी बसून रबरी पट्टा ताणून धरायचा. "लाव जोर, माय!" म्हणायचा. कळ डोक्यात जायची, पण त्या निमित्ताने लेक जवळ बसतो म्हणून सुनंदाबाई पट्टा ओढतच राहिल्या. हळूहळू पायांत बळ आलं.

आज त्या कुणाचाही हात न धरता उठल्या आणि थेट स्वयंपाकघरापर्यंत चालत गेल्या. "आते मी बठ्ठासले भाकरी करी वाढसू," घरातल्या सगळ्यांना करून वाढायच्या कल्पनेनेच हरखून त्या म्हणाल्या.

हेमराजने आनंदाने त्यांना मिठीच मारली.

"जिंकलो, माय! आता गावी तू एकटी राहू शकशील. सकाळीच सोडून येतो."