खुंटीवरचा सैतान

नाटक कंपनीतला मुखवटेवाला बायको गेल्यापासून कोणाशी धड बोलत नव्हता. नव्या नाटकासाठी सैतानाचा मुखवटा करायला सांगितला, तेव्हा मात्र तो इरेला पेटला. राग काढायला एक तोंड तरी मिळालं.

"मेल्या, दुसरं घर दिसलं नाही तुला?" म्हणत त्याने सुळे रंगवले.

खुंटीवरचा मुखवटा हलला. डावीकडे, उजवीकडे. खिडकी बंद होती.

त्याने भुवया आणखी वाकड्या केल्या. "माझा संसार नासवलास!"

मुखवटा पुन्हा हलला, नाही म्हणताना माणूस मान हलवतो तसा. मुखवटेवाल्याने खिळे आणले आणि तो भिंतीला ठोकून टाकला.

तेवढ्यात मेहुणी डबा घेऊन आली. भरल्या डोळ्यांनी म्हणाली, "दाजी, किती जिवाला लावून घ्याल? ताई देवाला प्रिय झाली."

हे वाक्य त्याने दहा जणांकडून ऐकलं होतं आणि दर वेळी मान डोलावली होती. आज हातोडा हातातच राहिला.

"म्हणजे देवाने नेलं?"

"असंच म्हणतात ना."

"आणि शिव्या याने खायच्या?" तो ओरडला. मग मुखवट्यापुढे जाऊन उभा राहिला. "बोल, कोणी नेलं तिला?"

मुखवटा हलला नाही. ओल्या रंगातली बुबुळं तेवढी सावकाश वर सरकली, छताकडे, आणि तिथेच थिजली. उघडा जबडा हळूहळू मिटला.

मेहुणीने त्याचा दंड घट्ट धरला.

"दाजी, हा कोणाला घाबरतोय?"