शिंपल्यांचा किल्ला

इंजिनिअरिंग सोडून सावनी सेंट ऑगस्टीनला टूर गाइड झाली आणि ह्यांनी लेकीशी बोलणंच टाकलं. शेवटी मीच ह्यांना न सांगता तिची प्रायव्हेट टूर बुक केली. स्पॅनिशांनी वसवलेल्या त्या शहरातल्या अरुंद गल्ल्यांतून ती पुढे, हे फुरंगटून मागे. किल्ल्याशी मात्र ह्यांची पावलं थबकली. सबंध भिंत शिंपल्यांच्या दगडाची! “ब्रिटिशांचे तोफगोळे या भिंतीने अ‍ॅब्सॉर्ब केले, बाबा, पण ती ब्रेक नाही झाली.” जन्मभर पूल बांधलेला हा माणूस भिंतीला तळवा टेकवून नुसता बघत राहिला. मग दारात सावनी वाकली. पायरीला स्पर्श करून तिने हात कपाळाला लावला. लहानपणी प्रतापगडावर ह्यांनीच शिकवलेलं. “शी डझ दॅट एव्हरी डे,” गार्ड म्हणाला. ह्यांनी हळूच तिच्यापुढे हात केला. “गुडघे बदललेत माझे. धर जरा, वाकायचंय मला.”