वरच्या कुणग्याचं पाणी

देवळासमोर हरिश्चंद्र मानकऱ्याने हात जोडून कपाळाला लावले. म्हणजे गावातर्फे देवाला घातलेलं गाऱ्हाणं संपलं. पाट तुडुंब भरून वाहू लागला होता. फक्त वरच्या कुणग्याकडे जाणारा फाटा ठणठणीत कोरडा होता. तो कुणगा सत्यवतीचा. भाताचा एवढासा तुकडा, पण तिचं सगळं वर्ष त्यावर.

सत्यवती बायकांच्या घोळक्यातून पुढे आली. "आणि आमचा घर?"

"नाव पुरुषाचा घेतत," हरिश्चंद्र म्हणाला. "तुझो नवरो गुरुदास दर्यात गेलो. ज्या घरात पुरुष नाय, त्या घराक पाणी नाय. कायदो देवाचो आसा, माझो नाय."

धारवणे गावाचं पाणी उताराचं नव्हतं, शब्दाचं होतं. मानकऱ्याने देवापुढे ज्याचं नाव घेतलं आणि गावाने त्याला होकार भरला, त्याच्या शेताकडे ते चढ चढून जायचं. पंचवार्षिक योजनेच्या धामधुमीत एक सरकारी ओव्हरसियर इथे पाट बांधायला आला होता. त्याने दुर्बीण लावली, पाणी डोंगर चढताना पाहिलं आणि मुकाट्याने शेजारच्या कट्टा गावाहून एसटी धरली. नाव घेण्याचा मान पिढ्यान्‌पिढ्या हरिश्चंद्राच्या घराण्याचा. त्यामुळे त्याच्या मानेत जरा जास्तच ताठा होता, हेही सांगून टाकलेलं बरं.

सत्यवतीने कोरड्या फाट्याकडे पाहिलं. वर तिचा तरवा, कोवळी भाताची रोपं, पिवळी पडू लागली होती. आणखी चार दिवस असेच गेले तर पोरांच्या ताटात काय वाढायचं, हा प्रश्न ती रोज गिळत होती. आज तिला तो गिळवेना. तिने पदर खोचला, हात जोडले आणि हरिश्चंद्राच्याच चालीवर खणखणीत आवाज लावला.

"बा देवा म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!" गाव म्हणालं.

गाव म्हणालं खरं, पण गावाला ते कळलंच नाही. इकडे गाऱ्हाण्याचा सूर कानी पडला की डोकं जागं व्हायच्या आत जीभ होकार देते. दशावताराच्या खेळात संकासुराने थट्टेने गाऱ्हाणं घातलं तरी समोरची मंडळी तेवढ्याच भक्तीने ओरडतात.

"माझो घोव दर्यात गेलो, पण तरवो मी माझ्या हातान लावलंय रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"तर ह्या पाणी सत्यवतीच्या कुणग्यात चढव रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

सगळ्यांत मोठा आवाज हरिश्चंद्राचा होता. बोलून झाल्यावर त्याने स्वतःच्या तोंडावर हात ठेवला, पण उशीर झाला होता. पाटातलं पाणी वळलं. कोरड्या फाट्यातला पाचोळा पुढे ढकलत ते चढाला लागलं. गाव आ वासून बघत राहिलं. बाईने गाऱ्हाणं घातलं होतं आणि देवाने ते ऐकलं होतं! सत्यवतीला रडू फुटलं. ते आनंदाचं होतं, तिने ते लपवलंही नाही.

हरिश्चंद्राचा चेहरा लालबुंद झाला. त्याने पुन्हा हात जोडले.

"बा देवा म्हाराजा! चूक झाली ती पदरात घे, आणि ह्या पाणी मागारी फिरव रे म्हाराजा!"

पाणी थांबलं. सत्यवतीचा बांध आता हातभरच लांब होता. गाव काय म्हणतं, याची वाट बघत ते तिथेच घुटमळू लागलं. सवय ती सवय. बाबली म्हाताऱ्याचे ओठ हलू लागले, धोंडूने घसा खाकरला. 'व्ह' त्यांच्या ओठांवर आलाच होता.

तेवढ्यात बायकांतून एक आवाज आला. आवाज रुक्मिणीचा होता, हरिश्चंद्राच्या लग्नाच्या बायकोचा.

"नाय म्हाराजा!"

सगळ्या माना तिच्याकडे वळल्या. असा जबाब त्या देवळासमोर कोणी दिला नव्हता. हरिश्चंद्राने डोळे वटारले. रुक्मिणीची नजर खाली गेली नाही.

"उद्या तुमी नसलास, तर माझा नाव कोण घेतलो?" ती म्हणाली.

बाबलीने आधी सत्यवतीकडे पाहिलं, मग आपल्या शेजारी उभ्या असलेल्या स्वतःच्या बायकोकडे. त्याने हात जोडले. धोंडूने जोडले. मग सगळं गाव एका दमात गरजलं, "नाय म्हाराजा!" आणि पाणी बांधावरून उडी मारून सत्यवतीच्या कुणग्यात शिरलं.