नवव्या नावाची मूठ

तेलाच्या डब्यात बुडवलेलं कोंबडीचं पीस.

भोपळ्याचा तारपा. त्याच्या भेगेला नवं मेण.

खिळ्याला तारेत ओवून टांगलेले दोन झिजलेले बुश, चाकाचा आस ज्यांत फिरतो त्या कड्या.

सुपात हळवं भात, कालच झोडलेलं.

आठ नावं. आज नववं.

खोडाळ्याला गोदीच्या गिरणीत सकाळपासून दाटी झाली होती. आसपासच्या सात गिरण्यांची माणसं आली होती. त्यांच्याकडे आता विजेच्या मोटारी. हँडल मारून चालू करायचं जुनं डिझेल इंजिन उरलं होतं ते गोदीकडेच. नवं भात भरडायला घेण्याआधी गिरणवाले आपल्यातल्या गेलेल्यांची नावं घेतात, आणि ती मोटारीवर घेता येत नाहीत.

"सुकऱ्याच्या मोटारीला सांगून बघा," कोणीतरी म्हणालं. "बटण दाबलं की एका दमात सगळी नावं घेईल."

"घेईल ना," सुकऱ्याच म्हणाला. "लाइट असली तर."

रीत अशी. पट्टा काढून इंजिन मोकळं फिरवायचं. तारपा वाजवणाऱ्या रोहिदासने इंजिनाच्या ठोक्यावर सूर धरायचा. नाव घेतलं की झडपेचा खटका उचलायचा. ठोका थांबतो, चाक नुसतं वेगावर फिरत राहतं आणि तारपा एकटा वाजतो. तेवढ्यात गेलेल्याच्या घरच्याने मुठीतून भात सोडायचं. शेवटचा दाणा पडला की खटका खाली. इंजिनाने पुन्हा ठोका धरला, तर गेलेल्याने चाकाला हात दिला असं समजायचं, आणि त्याचं नाव पुढच्या साली राहायचं. नाही धरला, तर नाव गेलं. जुन्या नावांना चिमूट पुरते. नव्या नावाला भरली मूठ.

आठ नावं झाली. इंजिनाने आठही वेळा ठोका धरला.

नववं नवसूचं. गोदीचा नवरा. भादव्यात गेला.

गिरणवाल्यांत सगळ्यांत म्हातारे देवजीबाबा. ते गोदीच्या कानाशी वाकले. "गोदे, मूठ जरा सैल भर. चार दाणे कमी आले तर कोण मोजतो?"

"त्यानं कोणाला मूठभर तांदूळ कधी कमी दिला का, बाबा?"

"नाय."

"मग?"

देवजीबाबा मागे सरकले. "नवऱ्यासारखीच हाय. सांगून ऐकायची नाय."

गोदीने सुपात हात घातला आणि मूठ गच्च भरली. भाताची टोकं तळव्याला टोचली. डावा हात तिने खटक्यावर ठेवला.

"नवसू," देवजीबाबा म्हणाले.

खटका वर. ठोका थांबला.

तारपा वाजत राहिला. रोहिदासचे गाल फुगलेले. तो नाकाने श्वास ओढत होता, सूर तुटू देत नव्हता. गोदीच्या मुठीतून धार सुपात पडू लागली. चाकाचे आरे अजून दिसत नव्हते. मग एक दिसल्यासारखा झाला. मग दोन. धार बारीक झाली. आता सगळे आरे दिसत होते, मोजता येतील एवढे सावकाश.

मूठ रिकामी झाली. गोदीने हात उलटा उघडला. घामाने एक दाणा तळव्याला चिकटला होता.

हात झटकायचा नसतो.

सुकऱ्याने मान खाली घातली.

"पड आता," गोदी म्हणाली. हळू, भांडल्यासारखी नाही.

दाणा पडला. तिने खटका सोडला.

चाक वर चढलं, अडलं, थांबल्यासारखं झालं आणि पलीकडे गेलं.

टुक.

बराच वेळ काही नाही.

टुक. टुक. टुक टुक टुक.

रोहिदासने तारपा खाली घेतला आणि भिंतीला टेकून खोकत हसला. "वहिनी, अजून दोन दाणे चिकटले असते तर दहावं नाव माझंच घ्यावं लागलं असतं."

देवजीबाबांनी चाकाकडे बघून हात जोडले. "भरल्या मुठीला कितीक चाकं थांबलेली बघितली. एवढा वेळ फिरलेलं नाय बघितलं. दिला नवसूनं हात."

गोदीने खिळ्यावरच्या जुन्या बुशांकडे पाहिलं. मग इंजिन बंद केलं, चाक पुरतं थांबू दिलं आणि डब्यातलं पीस उचललं. आधी एका बाजूच्या बुशला तेल सोडलं, मग दुसऱ्या बाजूच्या. चाकाच्या कडेला कपाळ टेकवलं. उठून तिने पट्टा चढवला आणि बाहेर बसलेल्यांना हाक दिली, "आणा रे भात."

आखाडात, अंगात ताप असताना, नवसूने चाकाचे दोन्ही बुश बदलले होते.