चावी जवळ नाही

साहेब, तिचा बेपत्ता भाऊ चौकीत कधी आलाच नाही, असं तुम्ही तिला तोंडावर खोटं सांगितलंत.

रस्त्याकडेला सापडलेली त्याची गाडी काही केल्या सुरू होईना. बटण दाबलं की पडद्यावर एकच: 'चावी जवळ नाही'.

"चावी कुठाय, ताई?" मेकॅनिकने विचारलं.

"त्याच्या खिशात. अंघोळीलासुद्धा घेऊन जाईल, असला येडा आहे तो."

"मग ही ढिम्म हलायची नाही. चावी हातभर अंतरावर आली, तरच आरसे उघडेल, दिवे लावेल."

गाडी ट्रकवर चढवून दोघं चौकीमागच्या बोळातून निघाले. समोरून टेम्पो आला, म्हणून ट्रक चौकीच्या भिंतीला चिकटून थांबला.

मागे गाडीचे दिवे लुकलुकले. मिटलेले आरसे हळूच उघडले.


बोला साहेब, भिंतीपलीकडच्या खोलीत कुणाचा खिसा आहे?