बाईचा हात

मसाल्याचे अकरा डबे, सगळे एका उंचीचे.

चटई एकच.

सुरी. टोमॅटोवर नुसती ठेवली तरी उतरणारी.

फ्रिजवर चुंबकाखाली राहिलचा शाळेतला फोटो.

सोललेला लसूण, तेलात बुडवून, बरणीत.

फुलाफुलांचा एप्रन. कंबरेच्या नाड्या धुऊन धुऊन विरलेल्या.

शारजाच्या रोल्ला भागात, नवऱ्याच्या खोलीत, बानूने चार दिवसांत एवढं हेरलं होतं. हे स्वयंपाकघर बाईच्या हाताखालचं होतं, याबद्दल तिला शंका नव्हती. बाई तेवढी सापडत नव्हती.

खैरुद्दीन एकतीस वर्षं शारजात होता, एकाच कंपनीच्या गोदामात. दर दोन वर्षांनी पंचेचाळीस दिवस रत्नागिरीकडे गावी यायचा. ओटीवरच्या खाटेवर बसायचा. पाणी हातात, ताट पुढ्यात. मीठ कमी पडलं तरी बोलायचा नाही. आता कंपनीने खलास सांगितलं होतं; काम आणि व्हिसा दोन्ही पुढच्या महिन्यापर्यंतच होते. तरी तो येतो म्हणत नव्हता. फोनवर नुसतं, ‘बघू, इन्शाल्ला.’ नणंद हमीदा तांदूळ निवडता निवडता म्हणाली होती, “पुरुष उगाच नाही थांबत तिकडे. कुणीतरी शिजवून घालत असणार.” मग अबुधाबीत नोकरीला असलेल्या राहिलने आईला व्हिजिट व्हिसा पाठवला. ती नवऱ्याला न्यायला आली होती. किंवा बघायला, की तो का येत नाही.

तिला राग यायला हवा होता. निदान रडू. दात काढताना डॉक्टर सुई टोचतात आणि गाल आपला राहत नाही, तसं चार दिवस चाललं होतं. तो पहाटे कामावर जायचा, येताना हॉटेलातून पार्सल आणायचा. ती खायची. मग डबे मोजायची.

शुक्रवारी सुट्टी होती. सकाळी तो खाटकाकडून सीना घेऊन आला, बड्या जनावराच्या छातीचा चिवट भाग, दोन किलोचा अख्खा तुकडा. बानू उठली.

“बस,” तो म्हणाला.

“मी करते ना. कुकरला लावते. सात शिट्ट्या.”

“शिट्टीने ते फाटतं. मऊ होत नाही.”

त्याने खुंटीवरचा एप्रन काढला आणि मागे न बघता नाड्या बांधल्या.

“हा तुमचा?”

“मग कुणाचा? दुकानात हा एकच होता. फुलं काय मी काढली?”

बानू बसली. हात मांडीवर ठेवले. ते तिचे वाटत नव्हते.

त्याने तुकडा पुसून कोरडा केला. चरबीची बाजू खाली घालून पातेल्यात टाकला आणि हलवला नाही. चांगला तांबूस झाल्यावर उलटला. मग कांदा. मग दोन लूमी, इथली वाळवलेली काळी लिंबं, सुरीच्या मुठीने फोडून. त्याचा हात डब्यांकडे न बघता जात होता. तिसरा डबा. सातवा. परत तिसरा. झाकण उघडायचं, चिमूट टाकायची, झाकण लावायचं, डबा जागेवर. बानूने त्या हाताला ओळखलं. चार दिवस ती तोच शोधत होती.

त्याने कडेला कणीक लावून झाकण बंद केलं, गॅस अगदी बारीक केला आणि घड्याळ बघितलं.

“साडेतीन तास. मी जुम्म्याला जाऊन येतो. उघडू नको.”

तिने उघडलं नाही. डबेही मोजले नाहीत.

तो परत आला. वेळ झाल्यावर कणीक तोडली. तुकडा कापायच्या पाटावर घेऊन पंधरा मिनिटं नुसता ठेवला. मग मांसाच्या धाग्यांना आडव्या फोडी केल्या आणि पहिलं ताट तिला दिलं. तिने घास घेतला. दातांना काही कामच पडलं नाही.

“कोणी शिकवलं?”

“कोण शिकवणार? रूमवर सहा जण होतो. प्रत्येकाचा वार होता, शुक्रवार माझा. दोघं गावी गेले, तिघं मातीत गेले. शुक्रवार राहिला.”

“इतकी वर्षं बोलला नाहीत कधी.”

त्याने भाकरीचा तुकडा रश्श्यात बुडवला. खाल्ला नाही.

“बानू, परत आलो तर मला आत येऊ देशील?”

“असं काय विचारता, राहिलचे अब्बा? घर तुमचंच आहे.”

“घर नाही म्हणत. चुलीपाशी.”

बानूने दुसरा घास तोंडात ठेवला. तो आपोआप उतरला. खाली गल्लीत कुणीतरी हॉर्न वाजवत होतं, गाडी पुढे घे म्हणून.

“हमीदा हसेल,” ती म्हणाली.

“हसू दे. तुझं सांग.”

एकोणीसशे पंच्याण्णव साली, पहिल्या सुट्टीच्या दुसऱ्या दिवशी, खैरुद्दीन सगळ्यांच्या आधी उठून चहा ठेवायला स्वयंपाकघरात गेला होता. पातेलं बानूने त्याच्या हातातून काढून घेतलं होतं.