पडद्यावरची दुसरी ओळ

या, असे जवळ सरकून बसा. गोष्ट एवढीशीच आहे, पण ती कानांनी बघायची आहे.

भाच्याने गेम खेळायच्या कन्सोलचं बटण दाबलं. मामा सोफ्याच्या कडेवर सरकले. मामी शेजारीच होत्या. मामांची दृष्टी गेली तेव्हापासून त्याच त्यांचे डोळे.

भाचा जुन्या कन्सोलचे गेम नव्या, उघडून फेरफार केलेल्या कन्सोलवर चालते करायचा. चित्रं नीट उतरायची, आवाज मात्र बिघडायचे. धून रडकी व्हायची, उडी मारली की कुणी ढेकर दिल्यासारखं वाजायचं. मग मामा हेडफोन लावून एकेक आवाज सुरात आणायचे. या गेमपायी तर दोघांनी अख्खा हिवाळा घातला होता. "काय देऊ?" असं भाच्याने विचारलं तेव्हा मामा म्हणाले होते, "पहिल्या पडद्यावर तुझ्या नावाखाली माझं नाव घाल. बाकी देवाने पुष्कळ दिलंय." ते नाव आपल्यालाही दिसावं म्हणून त्यांनी अक्षरागणिक एक टकटक बसवली. दोन्ही नावं उमटून झाली, की मगच धून.

कालच गेम लोकांच्या हाती पडला होता. आज मामांची पाळी.

टक, टक, टक. भाच्याचं नाव संपलं. मग काहीच नाही. नुसती शांतता. आणि धून सुरू झाली.

"बघा मामा, दोघांची नावं कशी झळकतायत!"

"माझं अनवाणी आलं का रे? पाऊल वाजलं नाही."

"अहो, स्पीकरचं काहीतरी असेल. नाहीतर तुमचे कानही पेन्शनवर गेले!" भाचा हसला. जरा जास्तच हसला.

मामांनी मामींचा हात चाचपला. "तू सांग गं. तू म्हणशील ते खरं."

मामींनी एकदा पडद्याकडे पाहिलं, एकदा भाच्याकडे.

"आहे की हो," त्या म्हणाल्या. "चांगलं ठळक आहे."

मामांनी तो हात हळूच सोडला. त्यांची दृष्टी दुसऱ्यांदा गेली होती.

भाच्याने मामांच्या नावाची अक्षरं पुसली, पण त्यांची जागा बुजवायला विसरला. तेव्हा बाबांनो, तो गेम कधी हाती आला तर घाई करू नका. पहिल्या नावानंतर थोडी शांतता येईल. तेवढ्यात मामांची आठवण काढा. त्यांचं नाव बरोबर तेवढंच लांब होतं.